धंद्याची वाट अडवली, तर हायकोर्टातून पोलीस संरक्षण कसं मिळवाल?

साकीनाक्याचा गाळा असो की मशीद बंदरचं गोदाम, टेम्पो गेटवर अडवून ‘आमचीच माणसं लावा, नाहीतर माल उतरणार नाही’ असं कुणी बजावलं की मालक आधी ओळखीचा नगरसेवक शोधतो. तो वेळ कागद गोळा करण्यात घालवा.

गाडी अडवताच ११२ ला फोन करा. त्याच दिवशी पोलीस ठाण्यात लेखी तक्रार द्या. ‘त्रास देतात’ एवढ्यावर भागत नाही. तारीख, वेळ, गाडीचा नंबर, कोण काय बोललं, किती पैसे मागितले, सगळं लिहा आणि शिक्क्यासह पोच घ्या. धमकावून पैसे उकळणं (भारतीय न्याय संहिता, कलम ३०८) आणि वाट अडवणं (कलम १२६) हे दखलपात्र गुन्हे आहेत, म्हणजे पोलीस कोर्टाच्या परवानगीशिवाय तपास करू शकतात. अशी तक्रार आल्यावर एफआयआर नोंदवणं बंधनकारक असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ललिता कुमारी खटल्यात सांगितलं आहे. तरीही एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) लिहून परत पाठवलं, तर परिमंडळाच्या उपायुक्तांना पोस्टाने लेखी अर्ज करा. पोलिसांना कळवूनही त्यांनी काही केलं नाही, हे याच कागदांवरून कोर्टाला दिसतं.

सीसीटीव्हीचं चित्रण त्याच संध्याकाळी काढून ठेवा, जुन्यावर नवं चढत जातं. ते पुराव्यात द्यायचं तर साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं.

मग वकिलामार्फत मुंबई उच्च न्यायालयात संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका, म्हणजे सरकारी यंत्रणेला आदेश द्या अशी मागणी. आधार अनुच्छेद १९(१)(छ), म्हणजे व्यवसायाचं स्वातंत्र्य. राज्य सरकार, पोलीस आयुक्त आणि वरिष्ठ निरीक्षकांबरोबर अडवणाऱ्यांनाही प्रतिवादी करा. गुमास्ता, जीएसटी, जागेचा करार, पालिकेचे परवाने जोडा. एखादा परवाना संपला असेल तर स्वतःहून सांगा, कारण लपवलेली गोष्ट समोरचा वकील काढतोच आणि मग मूळ तक्रारीवरचाही विश्वास उडतो. मागणी नेमकी ठेवा: ‘चोवीस तास पोलीस’ यापेक्षा ‘मालाच्या गाड्यांची ये-जा आणि चढ-उतार होताना संरक्षण’ हे मिळणं सोपं. घाई असेल तर वकील प्रेसिपे (कोर्टाला द्यायची लेखी विनंती) देऊन लवकर सुनावणी मागतात.

इथे एक गोष्ट मनापासून सांगायची आहे. गेटबाहेर शांतपणे घोषणा देणारे कामगार म्हणजे अडवणूक नव्हे. त्यांचं बोलणं ऐकून घ्या, वाद युनियनचा असेल तर तो औद्योगिक न्यायालयात न्या. ओझी वाहणाऱ्या कामगारांसाठीचा १९६९ चा माथाडी कायदा अण्णासाहेब पाटलांच्या आणि हमालांच्या लढ्यातून आला. त्याच्या नावाने हप्ता मागणारे वेगळे. तुमच्या कामाला तो कायदा लागू असेल तर आधी माथाडी मंडळाकडे नोंदणी करा, नाहीतर याचिकेत पहिला प्रश्न तोच येईल.

भांडण जागामालकाशी किंवा भागीदाराशी असेल तर रिट सहसा चालत नाही. दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम घ्या. तो मोडला गेला तर पोलिसांची मदतही तिथेच मागता येते.

आदेश मिळाला की त्याची प्रत पोच घेऊन ठाण्यात द्या आणि गाड्या येण्याच्या वेळा आधी लेखी कळवा. बंदोबस्ताचा खर्च भरायला कोर्ट सांगू शकतं, तो हिशेबात धरा. आदेश असूनही पोलीस आले नाहीत, तर तो दिवसही तक्रारीसारखाच वेळेसह लिहून ठेवा. अवमान याचिकेला तीच नोंद लागते.