रेडियमवाल्याकडून ओशीच्या नावाचा उचिवा

जपानी आयडॉलच्या, म्हणजे तिथल्या पॉप कलाकारांच्या, कॉन्सर्टला चाहते जो हातपंखा नेतात, तो उचिवा. एका बाजूला ओशीचं, म्हणजे आपल्या लाडक्या कलाकाराचं नाव. दुसऱ्या बाजूला ‘ते फुत्ते’ म्हणजे हात हलव, किंवा ‘युबी साशिते’ म्हणजे माझ्याकडे बोट दाखव. तो मंचावरून वाचता आला पाहिजे, बाकी सजावट नंतर.

आधी माप. स्टार्टो एंटरटेनमेंट या जपानी आयडॉल-कंपनीच्या कार्यक्रमांत पंख्याचा भाग 28.5 सेंमी उंच आणि 29.5 सेंमी रुंद, याहून मोठा चालत नाही. कडेबाहेर लोंबणारी लेसही नको. 3 मिमीचा सनबोर्ड 28 बाय 29 कापा, म्हणजे कडेच्या टेपला जागा राहते. दांडीसाठी सूप-टोपल्या विणणाऱ्या बुरुडाकडून 30 सेंमीची बांबूची कामटी तासून घ्या. बोर्डाला खालून 15 सेंमीची खाच पाडून ती बसवा आणि दोन्ही बाजूंनी काळा मॅट कागद लावा. कागदाला फेव्हिकॉल नको. पाण्याने कागद फुगतो, आणि नाशिकच्या श्रावणात तर सुरकुत्या जातच नाहीत. दुहेरी चिकटपट्टी वापरा.

अक्षरं नंबरप्लेटवाल्या रेडियमवाल्याकडून कापून घ्या. ‘फ्लोरोसंट’ मागा, ‘रिफ्लेक्टिव्ह’ नको: ते दिव्याचा उजेड दिव्याकडेच परत फेकतं आणि अक्षर झगमगाटात हरवतं. खाली पांढरं अक्षर, वर ओशीच्या ठरलेल्या रंगाचं; पांढरी कड चौफेर 5 मिमी दिसू द्या. एका बाजूला चार-पाचच अक्षरं.

सगळ्यात जास्त चुका काताकानात, म्हणजे जपानीच्या एका लिपीत, होतात. ‘शि’च्या दोन छोट्या रेघा एकाखाली एक, लांब रेघ खालून वर जाते. ‘त्सु’च्या त्याच रेघा शेजारी शेजारी, लांब रेघ वरून खाली येते. कापणाऱ्याला हा फरक दिसत नाही, त्यामुळे फाइल देताना प्रत्येक अक्षराच्या वरच्या बाजूला बाण काढून द्या. हाताने कापत असाल आणि कागदाच्या पाठीवर आखत असाल, तर अक्षर उलटं, आरशातलं आखा.

तयार उचिवा इमारतीच्या पार्किंगमध्ये 15 मीटरवर धरून मोबाइलवर फोटो काढा. फोटो न वाढवता नाव वाचता आलं नाही, तर अक्षरं जाड करा.

सभागृहात उचिवा छातीच्या उंचीवर, स्थिर धरायचा. डोक्यावर नेलात की मागच्या रांगेतल्या माणसाची अख्खी संध्याकाळ जाते. जपानमध्येही प्रत्येक कंपनीचे नियम वेगळे असतात. तिकिटासोबतची सूचना वाचूनच सनबोर्ड कापायला घ्या.