कानोसाचा प्रसंग मराठी पडद्यावर कसा मांडावा

मध्ययुगीन जर्मन इतिहासावर मराठी दूरचित्रवाणीसाठी वीस मिनिटांचा भाग करायचा असेल, तर इतिहासकाराने वंशावळी टिपणवहीतच ठेवाव्यात आणि एकच प्रसंग निवडावा. जानेवारी १०७७ मधील, उत्तर इटलीतल्या कानोसा गढीचा प्रसंग त्यासाठी उत्तम आहे: पोप सातव्या ग्रेगरीने चर्चमधून बहिष्कृत केलेला २६ वर्षांचा जर्मन राजा हाइनरिश चौथा ऐन हिवाळ्यात आल्प्स ओलांडतो आणि पोपच्या बाजूची इटालियन सरदारीण मातिल्डा हिच्या गढीच्या दाराशी, लोकरीच्या वस्त्रांत, अनवाणी, तीन दिवस क्षमा मागत राहतो.

संहितेत हे कोण सांगतो याचा उल्लेख असलाच पाहिजे. अनवाणी पाय आणि तीन दिवस हा तपशील खुद्द ग्रेगरीच्या पत्रातला आहे. लांबर्ट हा इतिवृत्त लिहिणारा जर्मन भिक्षू त्यात रंग भरतो, पण तो तेथे नव्हता आणि राजाचा विरोधक होता. बखरींवर वाढलेल्या मराठी प्रेक्षकाला, लिहिणारा कोणाच्या पदरी होता हे विचारायला शिकवावे लागत नाही. नाट्यरूपांतराऐवजी डोनित्सो या भिक्षूने लिहिलेल्या मातिल्डाच्या चरित्रातील चित्र सावकाश दाखवावे. त्यात गुडघे टेकलेला राजा मातिल्डा आणि फ्रान्समधील क्लुनी मठाचा मठाधिपती ह्यू यांच्यापुढे आहे. पोप चित्रात नाहीच, आणि निवेदकाने येथेच थांबून प्रेक्षकाला ते शोधू द्यावे.

मग राजकारण. बहिष्कार वर्षभरात उठला नसता, तर जर्मन सरदारांना राजा बदलण्यास निमित्त मिळाले असते. म्हणून ही शरणागती डावही होती. नावाने राजा आणि बळ इतरांकडे, हे ग्वाल्हेरकरांना समजावताना दुसरा शाह आलम आणि महादजी शिंदे यांचा दाखला द्यावा. मात्र पोपसारखी सत्ता दिल्लीत नव्हती, हेही त्याच दमात सांगावे. कच्ची संहिता ग्वाल्हेरच्या लष्कर भागातील एखाद्या मराठी घरी मोठ्याने वाचून पाहावी आणि ऐकणारा जेथे 'हा कोण?' असे विचारेल, तेथील नाव काढून टाकावे. परक्या नावांचे उच्चार एकदाच ठरवून पाळावेत.

शेवट कानोसावर करू नये. १०८४ साली हाइनरिशने रोम घेतले, १०८५ मध्ये ग्रेगरी सालेर्नोत परागंदा अवस्थेत वारला, आणि ११०६ मध्ये मेलेल्या, पुन्हा बहिष्कृत राजाला जर्मनीतील श्पायरच्या कॅथेड्रलमध्ये विधिवत जागा मिळाली ती ११११ साली. श्रेयनामावली त्या कॅथेड्रलच्या दृश्यावर सोडावी.