चरित्र अभिनेत्रीच्या कारकिर्दीचे टिपण कसे लिहावे : थेल्मा रिटर यांच्या निमित्ताने

भाऊबीज उलटली की आमच्या झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भात, मंडईच्या म्हणजे गावजत्रेच्या निमित्ताने गावोगावी रात्रभर नाटके रंगतात आणि वडसा देसाईगंजच्या नाट्यमंडळांच्या गाड्या धान कापलेल्या बांध्यांच्या कडेने धावू लागतात. फलकावर नायक-नायिकेची नावे मोठ्या अक्षरांत असतात, पण पुढे महिनाभर बायकांच्या तोंडी राहते ती त्या नाटकातली सासू, शेजारीण किंवा कामवाली. अशा भूमिका जन्मभर करणाऱ्या कलावंत स्त्रियांविषयी लिहून ठेवलेले मात्र फारच थोडे सापडते. आमच्या गावच्या वाचनालयात दर महिन्याला एका कलावंतावर टिपण वाचले जाते. त्या कामातून असे टिपण कसे तयार करावे याची जी रीत हाती आली, ती येथे मांडतो. उदाहरण म्हणून अमेरिकेच्या थेल्मा रिटर यांना घेतले आहे, कारण त्यांचे चित्रपट आजही पाहता येतात, त्यांच्या कारकिर्दीच्या नोंदी उपलब्ध आहेत आणि त्यांनी मोलकरीण, परिचारिका, आई अशा ज्या भूमिका केल्या, त्या आमच्या श्रोत्यांना परक्या वाटत नाहीत.

सुरुवातीला तारखांचे एकच पान करावे आणि ते एका पानापलीकडे जाऊ देऊ नये. रिटरबाईंचा जन्म १४ फेब्रुवारी १९०२ रोजी न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात झाला. अमेरिकन अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट्स या संस्थेत त्यांनी अभिनयाचे शिक्षण घेतले. १९२७ मध्ये जोसेफ मोरान यांच्याशी विवाह झाला, दोन मुले झाली, मुलांच्या संगोपनासाठी त्या रंगभूमीपासून दूर राहिल्या आणि पुढे नभोवाणीच्या नाटकांतून परतल्या. चित्रपटात त्या प्रथम दिसल्या १९४७ मध्ये, म्हणजे वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी. ५ फेब्रुवारी १९६९ रोजी न्यूयॉर्कमध्ये त्यांचे निधन झाले. पान पूर्ण झाले की त्यातली रिकामी जागा शोधावी. शिक्षण आणि पहिला चित्रपट यांच्यामध्ये जी वर्षे गेली, त्या काळात ही बाई घर चालवत होती, बाजारहाट करत होती, माणसे पाहत होती, आणि पुढे पडद्यावर जे आले ते तिथूनच आले असावे, असे माझे ठाम मत आहे. चरित्र अभिनेत्रीच्या बाबतीत अशी मधली वर्षे ‘वाया गेली’ असे कधीही लिहू नये.

मी पहिले टिपण वाचले तेव्हा चित्रपटांची यादीच वाचून दाखवली होती. दिवसभर धान कापून आलेल्या बायका शांत बसून राहिल्या आणि शेवटी एक आजी म्हणाल्या, “बाई काम कसी करत होती, ते त तुमी सांगतलंच नाई.” तेव्हापासून टिपणाचा गाभा मी एकेका प्रवेशाभोवती बांधतो.

त्यासाठी वहीच्या पानावर चार रकाने आखावेत : प्रवेश कोणता, त्यात मुख्य पात्र कोण, आपल्या अभिनेत्रीचे हात काय करत आहेत, आणि ती निघून गेल्यावर प्रवेशात काय उरते. प्रत्येक प्रवेश दोनदा पाहावा आणि दुसऱ्या वेळी आवाज पूर्ण बंद ठेवावा. मोबाईलवरही हे करता येते. ‘रिअर विंडो’ या १९५४ च्या चित्रपटात जेम्स स्ट्यूअर्ट यांनी साकारलेला छायाचित्रकार पायाला प्लास्टर असल्यामुळे खिडकीशी बसून शेजाऱ्यांची घरे न्याहाळत असतो आणि रिटरबाईंची परिचारिका स्टेला त्याला त्यावरून फैलावर घेते. आवाज बंद करून पाहिले की लक्षात येते की ही बाई बोलण्यासाठी कुठेही थांबलेली नाही. ती थर्मामीटर त्याच्या तोंडात ठेवते आणि त्यामुळे त्याला उत्तरही देता येत नाही. मग त्याची पाठ चोळते, आणि हे सगळे करता करता तिचे बोलणे चालूच असते. काम करता करता बोलणे हे आमच्या गावातल्या प्रत्येक घरात चालते, पण कॅमेऱ्यासमोर ते खोटे न वाटता करणे फार अवघड असते. वहीत तिसऱ्या रकान्यात ‘उत्तम अभिनय’ असे लिहू नये. ‘थर्मामीटर ठेवला, पाठ चोळली’ असेच लिहावे.

चौथा रकाना समजण्यासाठी ‘ऑल अबाउट ईव्ह’ हा १९५० चा चित्रपट घ्यावा. त्यात बेटी डेव्हिस यांनी साकारलेल्या मोठ्या नटीच्या घरी रिटरबाईंची बर्डी कामाला आहे. गोड बोलून घरात शिरलेल्या ईव्हविषयी पहिला संशय येतो तो बर्डीला, आणि चित्रपटाच्या उत्तरार्धात बर्डी दिसेनाशी होते. खरे ओळखणारी व्यक्तीच घरात उरत नाही. ही गोष्ट रकान्यात लिहिली की भूमिकेचे वजन मिनिटांत मोजायचे नसते, हे वाचणाऱ्याला वेगळे सांगावे लागत नाही.

पहिल्या कामाची नोंद नेहमी सावकाश करावी. १९४७ च्या ‘मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट’मध्ये रिटरबाई नाताळच्या खरेदीला आलेली दमलेली आई आहेत आणि श्रेयनामावलीत त्यांचे नावही नाही. मुलाला हवे असलेले खेळणे या दुकानात नाही, ते दुसऱ्या दुकानात मिळेल, असे दुकानाचाच सांताक्लॉज सांगतो, तेव्हा तिचा आधी विश्वास बसत नाही आणि मग चेहरा उजळतो. मुलाचा हट्ट आणि बाजारातली पायपीट ज्यांना ठाऊक आहे त्यांच्यापुढे हा प्रवेश नुसता सांगितला तरी पोहोचतो.

पुरस्कारांचा भाग आटोपशीर ठेवावा, मात्र आकडे अचूक असावेत. रिटरबाईंना सहायक अभिनेत्रीसाठी सहा वेळा ऑस्कर नामांकन मिळाले : १९५०, १९५१, १९५२ आणि १९५३ या सलग चार वर्षांच्या चित्रपटांसाठी, पुढे १९५९ च्या ‘पिलो टॉक’साठी आणि १९६२ च्या ‘बर्डमॅन ऑफ अल्काट्राझ’साठी. ऑस्कर एकदाही मिळाले नाही. ‘न्यू गर्ल इन टाउन’ या संगीत नाटकासाठी १९५८ चा टोनी हा अमेरिकी रंगभूमीचा पुरस्कार त्यांना ग्वेन व्हर्डन यांच्यासह विभागून मिळाला. अनेक लेखांत या हुकलेल्या ऑस्करचेच रडगाणे असते आणि ते मला मनापासून खटकते, कारण त्यामुळे सहा भूमिका बाजूला पडतात आणि एक बाहुली तेवढी मध्ये येते.

परक्या देशातली गोष्ट सांगताना नावे जशीच्या तशी ठेवावीत, पण प्रसंग आपल्या शब्दांत उलगडावा. १९५१ च्या ‘द मेटिंग सीझन’मध्ये रिटरबाई मुलाच्या घरी येतात, नवी सून त्यांना स्वयंपाकीण समजते आणि त्या खरे न सांगता तिथेच रांधू लागतात. एवढे सांगितल्यावर आमच्याकडे आधी हशा पिकला आणि मग बराच वेळ कोणी बोलले नाही. १९५३ च्या ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’साठी थोडी पूर्वपीठिका द्यावी लागते. त्यातली मो ही टाय विकणारी आणि पोलिसांना खबरा पुरवणारी वृद्ध स्त्री आहे. बेवारस मृतांच्या दफनभूमीत आपल्याला पुरले जाऊ नये, स्वतःची जागा आणि वर दगड असावा, यासाठी ती पैसे साठवते. शेवटच्या प्रवेशात ती थकून खोलीवर येते, ग्रामोफोन चालू असतो आणि मारेकरी समोर असतो. ती जिवाची भीक मागत नाही. आपण फार थकलो आहोत, एवढेच सांगते. कॅमेरा ग्रामोफोनकडे वळतो आणि गोळीचा फक्त आवाज ऐकू येतो. या प्रवेशाला टिपणात पुरते एक पान द्यावे, भले त्यासाठी दुसरे दोन चित्रपट गाळावे लागले तरी चालेल.

हीच वही घेऊन मग आपल्या भागातल्या कलावंत स्त्रीकडे जावे. होळीच्या आसपास नाटकांचा हंगाम सरत आला की जावे. हंगामात त्या रात्रभर जागलेल्या असतात आणि त्यांना प्रश्न विचारणे बरे नाही. ‘तुमचा संघर्ष सांगा’ असे म्हटले की ठरावीक उत्तर येते. त्याऐवजी पेटीतले लुगडे काढून दाखवायला सांगावे आणि ते कोणत्या भूमिकेत नेसले, रंगमंचावर येताना हातात काय होते, सूप होते की कंदील, हे विचारावे. मी एकदा एका नाट्यमंडळाच्या जुन्या पत्रकावरचे साल तसेच उतरवले. पत्रक मागच्या वर्षाचेच पुन्हा छापलेले निघाले आणि त्या बाईंच्या मुलीच्या जन्मावरून आम्हाला साल दुरुस्त करावे लागले. म्हणून प्रत्येक साल घरातल्या एखाद्या घटनेशी, लग्नाशी, बाळंतपणाशी किंवा दुष्काळाशी जुळवून पाहावे. टिपण लिहून झाले की ते आधी त्या बाईंनाच वाचून दाखवावे आणि त्या जे काढा म्हणतील ते काढावे.

वाचनासाठी वीस मिनिटे पुरतात. वहीचे शेवटचे पान कोरे ठेवावे, कारण वाचन संपल्यावर कोणीतरी हमखास म्हणते की तिला मी अमुक गावच्या मंडईत पाहिले होते. तेव्हा सांगणाऱ्याचे नाव, गाव आणि तिने त्या रात्री काय केले, हे तिथल्या तिथे लिहून घ्यावे.