मूकपटातल्या कुत्र्याचं काम नीट कसं बघायचं

मूकपटातला कुत्रा दिसला की आपण "किती गोड" म्हणून पुढे जातो, पण त्याने खरंच काम केलंय की एडिटिंगमुळे तसं वाटतंय हे कळायला लागलं ना, की बघायची मजाच वेगळी.

सुरुवात १९०५ च्या 'रेस्क्यूड बाय रोव्हर'ने करा. सेसिल हेपवर्थचा ब्रिटिश सिनेमा, जेमतेम सहा-सात मिनिटांचा, आणि त्यात पळवलेल्या बाळाला शोधणारा ब्लेअर हा हेपवर्थच्या घरातलाच कोली जातीचा कुत्रा. या सिनेमाच्या कॉपीज इतक्या खपल्या की निगेटिव्ह (कॉपीज जिच्यावरून काढतात ती मूळ फिल्म) झिजली आणि सगळा सिनेमा परत शूट करावा लागला, तोही दोनदा! पहिल्यांदा गोष्ट बघा, दुसऱ्यांदा माणसं सोडून फक्त ब्लेअर बघा.

मग कुत्र्याची नजर कुठे जातेय ते पकडा, सगळ्यात महत्त्वाचं हेच. तेव्हा आवाज रेकॉर्डच होत नव्हता, त्यामुळे ट्रेनर कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहून शॉट चालू असतानाच खुशाल ओरडून सांगू शकायचा (बोलपट आल्यावर ते बंद, हाताच्या खुणांवर भागवावं लागलं). म्हणून कुत्रा समोरच्या नटाकडे न बघता फ्रेमच्या बाहेर बघत असेल किंवा एक कान तिकडे वळवत असेल तर समजायचं, हुकूम तिकडून येतोय. आणि हुकूम ऐकतानाही तो सीनमध्येच आहे असं वाटलं तर ते काम भारीच.

कट मोजा, म्हणजे शॉट किती वेळा बदलतो ते; कट कमी तितकं कुत्र्याने स्वतः केलेलं जास्त. 'द स्केअरक्रो' (१९२०) मध्ये ल्यूक, म्हणजे विनोदी नट रॉस्को आर्बकलचा कुत्रा, सिनेमाचा नायक बस्टर कीटनच्या मागे लागतो, शिडी चढतो आणि छप्पर नसलेल्या पडक्या घराच्या भिंतींवरून धावतो. लांबून घेतलेल्या शॉटमध्ये कुत्रा आणि माणूस दोघंही अख्खे दिसतात, तिथे लपवाछपवीला जागाच नाही, तो भाग पॉज करत करत बघा.

रिन टिन टिन या जर्मन शेफर्ड कुत्र्याला १९१८ मध्ये ली डंकन या अमेरिकन सैनिकाने फ्रान्समधल्या युद्धभागातून पिल्लू असताना आणलेलं. त्याच्या 'क्लॅश ऑफ द वुल्व्ज' (१९२५) मध्ये पायात काटा घुसतो, तिथे लंगडणं नीट बघा, कोणता पाय उचलतोय, शेपटी कुठेय, कान कसे आहेत.

हालचाली फार भरभर वाटल्या तर स्पीड ०.७५ करा, बरेच मूकपट आजच्या सेकंदाला २४ फ्रेमपेक्षा कमी वेगाने शूट व्हायचे. आणि एकदा म्युझिक म्यूट करून बघाच, कारण ते बऱ्याचदा नंतर कुणीतरी जोडलेलं असतं आणि कुत्र्याच्या आधी तेच आपल्याला रडवून मोकळं होतं.