थंडीत चालताना कपड्यांचे थर कसे घालावेत?

थंडीत चालणारा माणूस बरेचदा स्वतःच्याच घामाने गारठतो. चढावर अंगात एकच जाड जॅकेट असतं, आत घाम साचतो आणि विसाव्याला टेकलं की पाठीपासून हुडहुडी भरते. पाणी हवेच्या सुमारे २५ पट वेगाने उष्णता ओढून घेतं, म्हणून ओलं कापड अंगावर नकोच. एका जाड कपड्याऐवजी तीन हलके थर घ्या.

आधी अंगालगतचा थर. तो घाम टिपून बाहेर टाकणारा हवा: पॉलिस्टर किंवा मेरिनो (मेरिनो मेंढीची बारीक, मऊ) लोकर. सुती बनियन घरीच ठेवा. ते घाम पितं आणि लवकर वाळत नाही.

त्यावर उबेचा थर, म्हणजे फ्लीस (लोकरीसारखं मऊ कृत्रिम कापड) किंवा स्वेटर. ऊब धरते ती धाग्यांत अडकलेली हवा, त्यामुळे हा कपडा घट्ट नको. डाउन जॅकेट, म्हणजे पक्ष्यांची मऊ पिसं भरलेलं जॅकेट, वजनाला हलकं आणि भरपूर उबदार, पण भिजलं की पिसं चिकटून बसतात आणि ऊब जाते. पावसाची शक्यता असेल तर फ्लीसच बरं.

सगळ्यात वर वारा-पाऊस अडवणारं जॅकेट. काखेत चेन असलेलं मिळालं तर जरूर घ्या, जॅकेट न काढताही वाफ बाहेर जाते.

आता खरं काम. निघताना थोडी थंडी वाजू द्या. दहा-पंधरा मिनिटं चालल्यावर अंग आपोआप तापतं. घाम फुटायची वाट पाहू नका. मानेशी उकडायला लागलं की आधी गळ्याची चेन उघडा, मग टोपी काढा, तरीही भागलं नाही तर मधला थर उतरवून सॅकमध्ये टाका. थांबल्यावर याच्या उलट: पाणी प्यायच्याही आधी जॅकेट चढवा. त्यासाठी ते सॅकमध्ये सगळ्यात वर ठेवा, तळाशी असलं की काढायचा कंटाळा येतो. उंचीवर जाणार असाल तर दर १,००० मीटरला साधारण ६ अंश तापमान उतरतं, हे धरून कपडे घ्या.

मोज्यांवर मोजे चढवून बूट आवळू नका, रक्त नीट फिरलं नाही की बोटं जास्तच गार पडतात.

कोरड्या कपड्यांचा एक जोड प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधून ठेवा. सोबतचा कुणी थरथरत असेल, बोलताना अडखळत असेल, तर चालणं तिथेच थांबवा, त्याला वाऱ्याच्या आडोशाला न्या, ओले कपडे उतरवा आणि हा जोड घाला. तरीही तो सावरला नाही, तर उशीर न करता वैद्यकीय मदत मागवा.