चार्ट वाचताना या चुका टाळा: आधी पट्टी बघा, मग पॅटर्न

हॅमर, डोजी, एन्गल्फिंग ही शेअरच्या चार्टवरच्या कँडलच्या (एका दिवसाची किंवा ठरावीक वेळेची भावाची हालचाल दाखवणाऱ्या कांडीच्या) आकारांची नावं हल्ली रील बघून आठवड्याभरात पाठ होतात. घोडं अडतं ते त्याच्याही अलीकडे. समोरच्या चार्टवर नेमकं काय काढलंय हे न बघताच लोक त्यात तेजी-मंदी शोधू लागतात.

शेअर एका रात्रीत निम्मा झालेला दिसतोय?

विकायची घाई करू नका. आधी त्या तारखेला बोनस (फुकट जादा शेअर), स्प्लिट (एका शेअरचे अनेक शेअर) किंवा डीमर्जर (कंपनीचा एखादा भाग वेगळा होणं) होतं का ते एक्स्चेंजच्या साइटवर बघा. २८ ऑक्टोबर २०२४ ला रिलायन्सच्या एकास एक बोनसची एक्स-डेट होती (त्या दिवसापासून शेअर घेणाऱ्याला तो बोनस मिळत नाही) आणि भाव सुमारे २,६५५ वरून १,३३० च्या आसपास आला. कुणाचंही निम्मं भांडवल बुडालं नव्हतं, शेअर दुप्पट झाले होते. जानेवारी २०२४ मध्ये नेस्ले इंडियाच्या एकाचे दहा झाले, तेव्हा सत्तावीस हजारांच्या घरातला शेअर सत्तावीसशेच्या घरात आला. बहुतेक चार्ट मागचे भाव आपोआप जुळवून घेतात, पण नव्या नोंदीला कधी कधी उशीर होतो. तोवर मूव्हिंग अॅव्हरेज (मागच्या काही दिवसांच्या भावाची सरासरी), आरएसआय (भावाचा जोर मोजणारा आकडा), सपोर्ट (जिथे घसरण थांबेल असं मानतात तो भाव), सगळंच बिघडलेलं असतं. काही चार्ट लाभांशही वजा करून मागचे भाव दाखवतात. तुमचा सपोर्ट आणि मित्राचा सपोर्ट काही रुपयांनी जुळत नसेल, तर वाद घालण्याआधी दोघांची ही सेटिंग बघा.

अंकांची घसरण मोजणं

ही चूक वर्तमानपत्रांचे मथळेही करतात. ४ जून २०२४ ला, लोकसभा निकालाच्या दिवशी, सेन्सेक्स ४,३८९ अंकांनी पडला. २३ मार्च २०२० ला कोरोनाच्या धास्तीनं तो ३,९३४ अंकांनी पडला होता. साध्या पट्टीवर, म्हणजे सारखे अंक सारख्या उंचीचे दाखवणाऱ्या चार्टच्या उभ्या मोजपट्टीवर, निकालाची पडझड मोठी दिसते. टक्क्यांत बघा: निकालाची ५.७४, कोरोनाची १३.१५. हर्षद मेहता प्रकरणात २८ एप्रिल १९९२ ला सेन्सेक्स ५७० अंकांनी आपटला, म्हणजे साडेबारा टक्क्यांहून जास्त. आजच्या चार्टवर साध्या पट्टीत तो दिवस शोधूनही सापडणार नाही.

उपाय एका क्लिकचा आहे: उभी पट्टी लॉग करा. मग सारखे टक्के सारख्या उंचीचे दिसतात. काही वर्षांच्या चार्टवर ट्रेंडलाइन (भावाचा कल दाखवणारी रेष) ओढायची असेल, तर माझ्या मते लॉगशिवाय ओढूच नये. साध्या पट्टीवर ‘तुटलेली’ रेष लॉगवर पुष्कळदा शाबूत असते. पंधरा मिनिटांच्या चार्टवर मात्र या दोन पट्ट्यांत फारसा फरक पडत नाही.

लाल म्हणजे पडला?

नेहमीच नाही. नेहमीच्या कँडलचा रंग त्याच दिवसाच्या उघडत्या आणि बंद भावावरून ठरतो. काल ५०० ला बंद झालेला शेअर आज ५२० ला उघडून ५१० ला बंद झाला, तर कँडल लाल, पण शेअर दहा रुपयांनी वर!

अर्धवट आणि नावापुरत्या कँडल

सकाळी अकरा वाजता दिवसाच्या चार्टवर ‘हॅमर बनला’ म्हणणारे बरेच भेटतात. बाजार साडेतीनला बंद होतो, तोवर तो हॅमर काहीही होऊ शकतो. आठवड्याच्या कँडलचं तेच, तिचा निकाल शेवटच्या सत्रानंतर.

लक्ष्मीपूजनाच्या मुहूर्ताच्या सौद्यांकडेही असंच बघा. सत्र जेमतेम तासाभराचं, खरेदी बरीचशी शकुनाची, पण चार्टवर ती पूर्ण दिवसाची कँडल म्हणून बसते. त्या दिवसाच्या डोजीवर (उघडता आणि बंद भाव जवळपास एकच असलेल्या कँडलवर) किंवा घटलेल्या व्हॉल्यूमवर (सौद्यांच्या संख्येवर) मी तरी काही ठरवणार नाही.

सर्किटला (एक्स्चेंजनं ठरवलेल्या दिवसाच्या भावमर्यादेला) अडकलेल्या छोट्या शेअरचंही बघा. उघडता, वरचा, खालचा आणि बंद भाव एकच, म्हणून कँडल नुसती आडवी रेघ. ती डोजीसारखी दिसते, पण तिथे तेजी-मंदीवाल्यांची रस्सीखेच झालेलीच नसते. वरच्या सर्किटला विकणारा नसतो, खालच्या सर्किटला घेणारा नसतो.

स्टॉप लॉस (तोटा थांबवणारी ऑर्डर) चुकीच्या भावावर लागतोय?

चार्टचा प्रकार हायकिन-आशी (सरासरी भावांवरून कँडल काढणारा चार्ट) नाही ना, ते बघा. त्या गुळगुळीत कँडल डोळ्यांना छान वाटतात, पण त्यांचा बंद भाव हा त्या कँडलमधल्या चार भावांची सरासरी असतो. त्या भावाला सौदा झालेलाच असेल असं नाही. कल बघायला हायकिन-आशी चालेल, पण ऑर्डरचा आकडा साध्या कँडलवरूनच घ्या.