घाट उतरून मासळी निर्यातीत येणाऱ्यांसाठी

कराडला आमच्या घरी मासा म्हणजे बाजारातली सुकट नि सुके बोंबील, तेही कुंभार्ली घाट चढून आलेले. बी.एस्सी. मायक्रो करून मी तोच घाट उतरले आणि रत्नागिरीला निर्यातीच्या कारखान्यात क्वालिटीत लागले. आईचा पहिला प्रश्न, "तिथं डबा कुठं बसून खाणार गं?"

मला वाटायचं, इथं पापलेट-कोळंबीचंच राज्य असणार. पहिलं वर्ष गेलं ते राणी मासा, वागटी नि बांगड्यात. वागटी चीनला जाते. राणी माशाचं डोकं-पोट काढायचं, खिमा करायचा, गार पाण्यात धुवायचा, साखर मिसळून 10 किलोच्या लाद्या गोठवायच्या. ही सुरिमी. जपानमध्ये तिचा कामाबोको, म्हणजे वाफवलेली माशाची वडी होते. हॉटेलातल्या 'क्रॅब स्टिक'मध्येही बहुतेकदा खेकडा नसतो, सुरिमीच असते.

दुसऱ्याच महिन्यात मी माती खाल्ली. बांगड्याच्या क्रेटवरच्या बर्फात थर्मामीटर खुपसला, शून्य दिसलं, वहीत शून्य लिहून मोकळी. सुपरवायझरनं तळातला एक बांगडा काढला, पाठीच्या मांसात थर्मामीटरची सुई घातली: 11 अंश. काही बोलले नाहीत, तेच जास्त लागलं. लॉट अडकला.

का अडकला, ते नीट समजून घ्या. मासा गरम राहिला की बांगडा, तारलीच्या मांसातल्या हिस्टिडिन या अमिनो आम्लापासून जिवाणू हिस्टामिन हे त्रासदायक रसायन तयार करतात. ते एकदा झालं की गोठवा, शिजवा, डबाबंद करा, जात नाही. खाणाऱ्याचं तोंड लाल होतं, अंगावर पित्त उठतं. युरोपच्या नियमात लॉटमागे नऊ नमुने. सरासरी किलोला 100 मिलिग्रॅमच्या आत, आणि 200 च्या वर एकही चालत नाही. म्हणून इंटरव्ह्यूला हॅसॅपची (HACCP, अन्नातला धोका कुठं शिरतो ते हेरून तिथंच रोखायची पद्धत) व्याख्या पाठ करून जा, पण थर्मामीटर बर्फाच्या पाण्यात शून्यावर कसा तपासायचा तेही शिकून जा.

कागदपत्रांना घाबरू नका. 2010 पासून युरोपच्या मालाला कॅच सर्टिफिकेट लागतं, म्हणजे कुठल्या बोटीनं कधी धरला याचा पुरावा. ते आठवड्यात जमतं.

जून-जुलैत मासेमारी बंद, तेव्हा रुजू झालात तर काम हलकं वाटेल. ऑगस्टनंतर ट्रक रात्री दोनलाही येतात. गमबूट एक नंबर मोठे घ्या, आत लोकरीचे मोजे घालावे लागतात. आणि वासाचं म्हणाल, तर आठ दिवसांत येईनासा होतो. कराडच्या एसटीत शेजारच्याला मात्र येतो.